कोश बाहेर नेण्यास सक्त मनाई

माझ्या अंगात स्वस्थ बसण्याचा गुण नाही, हे आधीच सांगून टाकतो. म्हणजे पुढे कुणी "तुम्हाला नसत्या उठाठेवी करायला सांगितलं होतं कुणी?" असं विचारायला नको. कुणीही सांगितलं नव्हतं. उलट बायकोनं स्पष्ट "नको" म्हटलं होतं. पण बायकोचं "नको" ऐकून गप्प बसणारा नवरा वेगळा असतो, तो समोरच्या इमारतीत राहतो आणि त्याचं उदाहरण मला वरचेवर ऐकवलं जातं.

झालं असं, की आमची ही वाचनालयाच्या एका छोट्या शाखेत ग्रंथपाल आहे. जिना चढून गेलं की एक लांबट खोली, भिंतींना कपाटं, मध्ये दोन मोठी टेबलं, भोवती खुर्च्या आणि खिडकीपाशी ही. मुख्य कार्यालयातून निरोप आला, की शाखेत वाचक फिरकत नाहीत असं समजतं, सबब साहेब स्वतः पाहणीला येतील. खोली रिकामी आढळल्यास शाखा बंद, पुस्तकं खोक्यांतून गोदामात आणि ग्रंथपालबाई दुसऱ्या कुठल्यातरी कचेरीत, आवक-जावक बघायला.

त्या संध्याकाळी ही घरी आली, तिनं चहा केला, दोन कप भरले आणि दोन्ही कप स्वतःच पिऊन टाकले. ही रागावली की बोलते. भरपूर बोलते, मुद्देसूद बोलते, मागचे संदर्भ देऊन बोलते. त्याची मला सवय आहे. पण ही गप्प बसली की मला घर खायला उठतं. त्या दिवसापासून ती जी आपल्या कोशात गेली ती गेलीच. सकाळी शाखेचं कुलूप उघडायचं, पुस्तकं पुसायची, कुलूप लावायचं, घरी यायचं. मी काही गमतीचं बोललो तरी नुसतं "हं". शेवटी मला राहवेना.

"आपण प्रदर्शन भरवू," मी म्हणालो.

"नको."

"अगं, पुस्तकांचं. एक विषय घ्यायचा आणि त्यावर जे जे असेल ते मांडायचं. माणसं येतील."

"नको म्हटलं ना. कोण येणार आहे?"

"ते तू माझ्यावर सोड."

यावर तिनं माझ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं, तिचं वर्णन मी करणार नाही. दुसऱ्या दिवशी रजा टाकून मी तिच्या शाखेत हजर झालो.

विषय ठरवणं सोपं असतं असं ज्यांना वाटतं त्यांनी तो एकदा ठरवून बघावा. आधी मी "प्रवास" ठरवला. मग "पाणी". मग "आई", पण त्यात प्रत्येक दुसरं पुस्तक येऊ लागलं. मी या कपाटाकडून त्या कपाटाकडे येरझाऱ्या घालत होतो, आणि रोज फक्त पेपर वाचायला येणारे एक आजोबा, जे त्या शाखेचे एकमेव खात्रीचे वाचक होते, ते दर फेरीला पेपर खाली करून माझ्याकडे चष्म्यावरून बघत होते. तेवढ्यात यशाचे मार्ग दाखवणाऱ्या एका पुस्तकाच्या मुखपृष्ठावर मला फुलपाखरू दिसलं. शेजारच्या प्रेमकथेवरही फुलपाखरू. वरच्या खणातल्या भयकथेवर, काळं का होईना, फुलपाखरूच.

एकदा ते डोळ्यांत भरलं आणि मग सुटेना. कवितेच्या कपाटात फुलपाखरू म्हणजे आत्मा. कादंबरीत फुलपाखरू म्हणजे नायिका, तीही लग्नाआधीची. लग्नानंतर लेखक तिला फुलपाखरू म्हणत नाही, किंबहुना तिच्याबद्दल फारसं काही म्हणतच नाही. भयकथेत ते खिडकीशी फडफडलं की घरातलं कुणीतरी गेलेलं परत आलंय असं समजायचं, आणि ते कुणालाच नको असतं. रहस्यकथेत भिंतीवर टाचणीनं टोचलेली फुलपाखरं दिसली की पुढची पानं वाचायची गरज नाही, खून घरमालकानंच केलेला असतो. विज्ञानकथेत त्यानं इथे पंख हलवले की तिथे वादळ. आत्मचरित्रात तर एकूण एक थोर माणूस बालपणी फुलपाखरांमागे धावलेला! इतक्या जणांच्या धावण्यातून ती जात टिकली कशी, हाच खरा संशोधनाचा विषय आहे. यशाच्या पुस्तकांत सुरवंट म्हणजे वाचक आणि फुलपाखरू म्हणजे तोच वाचक, पुस्तक विकत घेतल्यानंतरचा. बालविभागात मात्र फुलपाखरू म्हणजे फुलपाखरू. त्या कपाटाबद्दल मला फार आदर वाटला. पाकक्रियेच्या पुस्तकांत काही ते सापडेना, म्हणून मी जरा हिरमुसलो होतो, पण मग गाजर कापून ताट सजवण्याच्या एका चित्रात तेही मिळालं.

"सापडलं!" मी ओरडलो. "पुस्तकांतली फुलपाखरं!"

"शांतता राखा," हिनं पाटीकडे बोट केलं. ते "नको" सोडलं तर कित्येक दिवसांत ती माझ्याशी बोललेले हे पहिले दोन शब्द. मला तेवढ्यानंही हुरूप आला.

टेबलावर मी कविता, तिच्याशेजारी कीटकशास्त्र, त्यावर खुनाची कादंबरी अशी मांडणी केली. हिनं ती बघितली आणि तिचा चेहरा पडला. कवितेच्या कुशीत कीटकशास्त्र हे दृश्य ग्रंथपाल माणसाला बघवत नाही म्हणे. ती पाठ फिरवून कपाटं पुसायला लागली. मग मी हस्तलिखित फलक केले, इमारतीच्या जिन्यात लावले, बाहेर दुकानांच्या दारांवर लावले. लोक फलक वाचायचे आणि पुढे जायचे. एक बाई तेवढी वर आली, तिला वाटलं पडद्याच्या कापडांचा सेल आहे.

आता शाखेच्या खालच्या मजल्यावर राहणाऱ्या गृहस्थांबद्दल सांगणं भाग आहे. त्यांना सगळे सूचनापेटी म्हणतात. फरक इतकाच, की पेटीत लोक सूचना टाकतात, आणि हे स्वतःच बाहेर टाकत असतात.

"चुकलात तुम्ही," जिन्यात मला गाठून ते म्हणाले. "नुसती पुस्तकं बघायला कोण जिना चढेल? जिवंत काहीतरी हवं. खरी फुलपाखरं ठेवा."

"ती कुठून आणू?"

"आणायची कशाला? माझ्या कुंडीतल्या लिंबावर अळ्या आहेत. त्यांची फुलपाखरंच होतात. घेऊन जा सगळ्या. अगदी सगळ्या. मी म्हणतो एकही ठेवू नका."

त्यांच्या या औदार्यानं मला भरून आलं. ते झाड वाचवायला निघाले होते, हे मला फार पुढे समजलं. मोठ्या काचेच्या बरण्या, तोंडाला जाळीचं कापड, आत लिंबाच्या डहाळ्या आणि त्यांवर हिरव्या गुबगुबीत अळ्या, अशी वरात घेऊन मी शाखेत शिरलो. मी दिलेल्या धक्क्यानं एका अळीनं डोक्यातून दोन नारिंगी शिंगं बाहेर काढली आणि असा काही उग्र वास सोडला, की आजोबांनी पेपरची घडी करून नाकाला लावली.

"हे काय आहे?" हिनं विचारलं.

"आकर्षण," मी म्हणालो.

"जिवंत काही आत आणायचं तर मुख्य कार्यालयाची परवानगी लागते. परवानगी मिळेपर्यंत बरण्या खिडकीबाहेरच्या कठड्यावर राहतील."

मी फोन लावला. लागला नाही. पुन्हा लावला, तेव्हा लागला पण कुणी उचलला नाही. उचलला तेव्हा संबंधित कारकून जेवायला गेले होते, मग ते रजेवर गेले, मग परतले पण जागेवर नव्हते. माझ्या ऑफिसात माझ्याबद्दलही असंच सांगतात, त्यामुळे मला उघड रागावता येईना. इकडे अळ्या दिवसरात्र खात होत्या. मी सकाळ-संध्याकाळ सूचनापेटींच्या लिंबाची पानं ओरबाडत होतो आणि ते मागून "अहो, थोडी ठेवा!" म्हणून ओरडत होते.

गंमत बघा, परवानगीचा फोन लागत नाही, पण तक्रारीचा पहिल्या झटक्यात लागतो. आजोबांनी त्या वासाला कंटाळून मुख्य कार्यालयाला कळवलं, "तुमच्या शाखेत अळ्या झाल्यात हो. राजरोस पानं खातायत." आजोबा लिंबाच्या पानांबद्दल बोलत होते. पण वाचनालयाच्या कार्यालयात पान म्हटल्यावर दुसरं कुठलं पान कुणाच्या डोळ्यांसमोर येणार? तिथे हाहाकार उडाला आणि ताबडतोब फवारणीचा हुकूम निघाला. ताबडतोब निघालेला हुकूम आमच्याकडे पोचायला किती वेळ लागतो हे सर्वांना माहीत आहेच, त्यामुळे आम्हाला याचा पत्ताच नव्हता.

माझा फोन लागेस्तोवर अळ्यांनी खाणं थांबवलं होतं, डहाळ्यांना स्वतःला एकेका बारीक दोऱ्यानं बांधून घेतलं होतं आणि त्यांचे कोश झाले होते.

"परवानगी कशाची?" कारकुनांनी विचारलं.

"वाचनालयात कोश ठेवायचे आहेत."

"मग ठेवा की! वाचनालयात कोश ठेवायचे नाहीत तर काय पातेली ठेवायची?"

"तसं नाही. हे जिवंत आहेत. आतमध्ये अजून काम चालू आहे."

"म्हणजे पुढचे खंड निघायचेत. विषय?"

"फुलपाखरं."

"बांधणी कशी आहे?"

मी बरणीत निरखून पाहिलं. "दोऱ्यानं बांधलेत. लटकतायत."

"बांधणी सैल," ते लिहितालिहिता मोठ्यानं म्हणाले. "प्रकाशक?"

"अहो, प्रकाशक कसला? शेजाऱ्यांच्याकडे होते, त्यांनी दिले."

"खासगी देणगी. उत्तम! साहेबांच्या सहीनं नोंद करून घेतो आणि दाखल क्रमांक पाठवतो. असे दुर्मीळ कोश द्यायला हल्ली कोण पुढे येतं?"

परवानगी एवढ्या झटकन मिळालेली बघून मला आनंद झाला आणि त्या आनंदात मी फोन ठेवला. क्रमांक हातात पडले तेव्हा हिनं ते वाचले, परत वाचले, आणि तिथल्या तिथे मटकन बसली.

"अहो, तुम्ही यांना दाखल करून घेतलंत?"

मी घाईघाईनं पुन्हा फोन लावला. कारकून म्हणाले, साहेबांची सही झालेली नोंद खोडता येत नाही, आणि हे त्यांनी असं सांगितलं जसं काही मीच खोडी काढली होती. झालं! हिनं बरण्यांवर क्रमांकाच्या चिठ्ठ्या चिकटवल्या आणि त्या कोशांच्या कपाटात, शब्दकोशांच्या ओळीत, वर्णानुक्रमानं ठेवल्या. त्या कपाटावर तिच्याच सुवाच्य अक्षरातली पाटी आहे: कोश वाचनालयाबाहेर नेण्यास सक्त मनाई आहे. आमच्या हिचं असं आहे, नियम चुकीचा असला तरी तो नियम आहे. एवढ्या नोकरीत तिच्या शाखेतून एक पुस्तक हरवलेलं नाही, आणि हे ती कुणाला सांगत नाही, पण मला माहीत आहे की तिला त्याचा केवढा अभिमान आहे. माझा एक छत्रीचा दांडासुद्धा धड घरी परत येत नाही, त्यामुळे तिचं हे मला जास्तच जाणवतं.

पाहणीच्या दिवशी सकाळपासून माझा जीव थाऱ्यावर नव्हता. मी खिडकीतून रस्त्याकडे बघायचो, मग दाराकडे, मग बरण्यांकडे. कोश काळपट पडले होते. टेबलावर पुस्तकं सज्ज होती. वाचक म्हणून पेपरसकट आजोबा होते, आणि बाकी सगळ्या खुर्च्या रिकाम्या. एवढ्यात जिन्यात धाडधाड पावलं वाजली. साहेब लवकर आले म्हणून मी सदऱ्याची बटणं नीट केली, तर पाठीवर पंप लावलेले दोन धिप्पाड फवारणीवाले!

"पानं खाणाऱ्या अळ्या कुठायत?" पहिल्यानं विचारलं. "सगळे बाहेर व्हा. फवारलं की खोली दिवसभर बंद ठेवायची."

"दिवसभर? अहो, आत्ता साहेब येतायत! खोली रिकामी दिसली तर शाखा जाईल!"

"ते आम्हाला सांगू नका. आम्हाला वरून हुकूम आहे."

मी दारात आडवा उभा राहिलो. "आधी मला फवारा!" असं मी गरजलो. ते वाक्य मला स्वतःलाच फार आवडलं, पण दुसऱ्या फवारणीवाल्यानं खरोखरच नळी माझ्याकडे वळवल्यावर मी एक पाऊल मागे सरकलो. आरडाओरडा ऐकून इमारतीतली माणसं जिन्यात जमली. रस्त्यावरची आली. पडद्याच्या कापडाची बाईसुद्धा आली. सूचनापेटी जिन्याच्या कठड्यावरून "त्यांचं ओळखपत्र मागा! नाही, आधी पंप धरा!" असं ओरडत होते. आजोबा खुर्चीतून हलायला तयार नव्हते, त्यांचं शेवटचं पान राहिलं होतं.

मला एकच सुचलं. मी धावत जाऊन कपाटातल्या बरण्या उचलल्या आणि दाराकडे निघालो.

"खाली ठेवा त्या," ही म्हणाली.

"अगं, मरतील बिचारे! आणि हे गेले की फवारायला काही उरत नाही, साहेब येईपर्यंत खोली उघडी राहील!"

"नोंद झालेले कोश बाहेर जाणार नाहीत."

"नियम काय कवटाळून बसलीस! हे किडे आहेत गं, किडे!"

आणि मी बरणी जोरात टेबलावर आदळली. तेव्हा आम्हाला दोघांनाही दिसलं. एक कोश फाटला होता आणि त्यातून चुरगळलेलं, ओलं असं काहीतरी धडपडत बाहेर येत होतं. मग शेजारचा हलला. मग दुसऱ्या बरणीतला. ही खाली वाकली, बराच वेळ वाकून बघत राहिली. दारात भांडण, जिन्यात गोंगाट, आणि ही आपली काचेला नाक लावून. पंख हळूहळू उलगडले, काळ्यावर पिवळे ठिपके दिसायला लागले. मग ती सरळ उभी राहिली, बरण्या एकेक करून खिडकीपाशी नेल्या, जाळ्या काढल्या आणि खिडकी सताड उघडली.

"बाहेर नेण्याला मनाई आहे," ती मला म्हणाली. "आपणहून जाण्याला नाही."

मी कधी एवढं नामी वाक्य बोललो असतो तर वर्षभर पुरवून वापरलं असतं. ऊन पडलं तशी ती फुलपाखरं बरण्यांच्या काठांवर येऊन बसली, पंख वाळवू लागली आणि मग एक उडालं, पाठोपाठ दुसरं. जिन्यातली माणसं ढकलाढकली करत आत घुसली. फवारणीवालेही पंपांसकट आत आले, टाचा उंचावून बघू लागले. "अळ्या नाहीत इथे," पहिला जरा नाराजीनं म्हणाला, पण खिडकीपासून हलला नाही.

"कसली गर्दी आहे ही?" मागून आवाज आला. साहेब! बरोबर ते कारकूनही होते. गर्दीतून वाट काढत साहेब टेबलापाशी आले, कविता, कीटकशास्त्र, खून यांकडे ओझरतं बघून म्हणाले, "ते फुलपाखरांचे दुर्मीळ कोश दाखवा आधी. मुख्य वाचनालयात हलवावेत म्हणतो मी."

हिनं खिडकीतल्या बरण्या त्यांच्यापुढे ठेवल्या. बाहेरून दाखल क्रमांक, आतमध्ये डहाळ्यांना लटकलेली रिकामी टरफलं. साहेबांनी बरण्यांकडे पाहिलं, मग कारकुनांकडे. कारकून घसा खाकरत त्यांच्या कानाशी लागले, पण त्यांचं कुजबुजणं सगळ्या खोलीला ऐकू जात होतं.

"साहेब, नोंद चुकीची होती म्हणायचं, तर तिच्यावर सही आपली आहे. कोश गहाळ झाले म्हणायचं, तर चौकशी लावावी लागेल. आणि चौकशी चालू असेपर्यंत शाखा बंद करता येत नाही."

साहेबांनी रुमालानं कपाळ पुसलं. आमच्या मुख्य कार्यालयात एकदा लागलेली चौकशी कधी संपल्याचं कुणाच्या ऐकिवात नाही, आणि हे साहेबांना माझ्यापेक्षा जास्त चांगलं ठाऊक असणार.

"गहाळच म्हणा," ते शेवटी म्हणाले. "पण कुणाच्या ताब्यातून, ते लागेल. नाव लागेल."

"माझ्या!" मी छाती पुढे काढून म्हणालो. "दोष सगळा माझा आहे. लिहा माझं नाव!"

"तुम्ही बाजूला व्हा," ही म्हणाली. "तुम्ही इथे कुणी नाही." मग ती साहेबांकडे वळली. "माझ्या ताब्यातून गहाळ झाले. सगळेच्या सगळे. ग्रंथपाल मी आहे, माझं नाव लिहा."

"यापूर्वी कधी काही गहाळ झालंय?"

"कधीच नाही," ती म्हणाली, आणि तिचे डोळे भरून आले. मला तिचा एवढा अभिमान वाटला आणि एवढं वाईटही वाटलं, की मी उगाचच जाळीच्या कापडांच्या घड्या घालू लागलो.

साहेब गेले. पाठोपाठ कारकून गेले. जमलेली माणसं चुळबुळत होती, जावं की थांबावं कुणाला कळत नव्हतं. हिनं पदरानं डोळे पुसले, चष्मा नीट केला आणि खोलीवरून नजर फिरवली.

"आलाच आहात तर बसा आता," ती खड्या आवाजात म्हणाली. "वाचनालयात असं घोळका करून उभं राहायचं नसतं. आणि पुस्तक घेतलंत तर पान दुमडू नका."

सूचनापेटी गुपचूप बसले. पडद्याच्या कापडाची बाई बसली. जिन्यातले, रस्त्यावरचे, सगळे एकेक करून बसले. फवारणीवाल्यांनी पंप भिंतीशी टेकवले आणि तेही बसले. कुणीतरी कविता ओढली, कुणीतरी खून. थोड्या वेळानं खोलीत फक्त पानं उलटल्याचा आवाज होता, आणि ही खिडकीपाशी आपल्या जागेवर बसून सगळ्यांकडे बघत होती. मला उभंच राहावं लागलं. एकही खुर्ची रिकामी नव्हती.